दहा एक्सचं भिंग आणि माहेरच्या पऱ्यातला कातळ

मी आतापर्यंत दोन भिंगं घेतली. एकावर सोनेरी अक्षरात '४० एक्स' कोरलंय, दुसऱ्यावर साधं '१० एक्स'. एक्स म्हणजे पट. चाळीसवाल्यातून पऱ्यातल्या, म्हणजे ओढ्यातल्या दगडावरचं शेवाळ बघितलं की हिरवी लोकर दिसते, जरा मोठी झालेली. दहावाल्यातून त्याच शेवाळाच्या एकेका पानाची मधली शीर दिसते. यात काहीतरी गडबड आहे हे मला पहिल्याच दिवशी कळायला हवं होतं, कारण मी डोंबिवलीत चष्म्याच्या दुकानात काम करते, आणि तेही १९ वर्षं. नंबर तपासणं, काच फ्रेममध्ये बसवणं, "परवा मिळेल" सांगून चौथ्या दिवशी देणं, सगळं करून झालंय. पण रात्री अकरा वाजता अंथरुणात पडून मोबाईलवर खरेदी करताना माणूस आपला धंदा विसरतो.

निमित्त भाचीचं. माझं माहेर पोलादपूर तालुक्यात, आंबेनळी घाटाच्या पायथ्याशी. घरामागून पऱ्या वाहतो, तो पुढे सावित्रीला मिळतो. भावाची मुलगी महाडला बी.एस्सी. करते, वनस्पतिशास्त्र घेऊन. तिला प्रोजेक्ट मिळालं होतं, घराजवळच्या ओल्या खडकांवरची मॉस ओळखा. "आत्या, तुझ्या दुकानात भिंगं असतात ना गं? एखादं आण की." आमच्या दुकानात असतात ती आजोबांनी पंचांग वाचायची, दोन-तीन पट मोठं दाखवणारी. त्यांचा उपयोग नव्हता. फोनमधल्या झाडं ओळखणाऱ्या ॲपने तिच्या तीन फोटोंना तीन नावं दिली होती, त्यातलं एक लॉनच्या गवताचं. म्हणून भिंग.

आधी एक खुलासा. आमच्या गावात जे हिरवं असतं आणि ज्यावरून पाय घसरतो ते सगळं शेवाळ. टाकीतलंही शेवाळ, ओट्यावरचंही शेवाळ. भाचीच्या पुस्तकात ही दोन वेगळी खाती आहेत. टाकीतलं बुळबुळीत ते शैवाल. खडकावरचं मखमलीसारखं ते मॉस. मॉसला बारीकसं खोड असतं, पानं असतात, मुळं मात्र नसतात. मुळांच्या जागी केसांसारखे धागे, ते नुसते दगडाला धरून राहायला. पाणी पानंच पितात. हे लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

तर पहिलं भिंग. किंमत ३४९ रुपये, घरपोच, सोबत छोटा दिवा आणि रेक्झिनची पिशवी. काच २५ मिलिमीटर रुंद, म्हणजे साधारण पाच रुपयांच्या नाण्याएवढी. जाहिरातीत एक माणूस त्यातून हिरा बघत होता. मी ते घेऊन जुलैमध्ये गावी गेले, भाचीबरोबर गुडघाभर पाण्यात उभी राहिले, आणि आम्हाला दोघींना काहीही दिसलं नाही. म्हणजे दिसलं, पण कडा जांभळ्या-पिवळ्या, मधोमध तेवढं बरं आणि बाजूचं सगळं वाकलेलं. दिव्याचा उजेड निळसर, त्यामुळे सगळ्या मॉसचा रंग एकच, औषधाच्या बाटलीसारखा. भाचीने वहीत लिहिलं, "पानं दोन रांगांत, शीर नाही, बहुधा लिव्हरवर्ट." लिव्हरवर्ट म्हणजे मॉसचं चुलत भावंड. ते चुकीचं होतं. कसं ते सांगते.

डोंबिवलीला परत आल्यावर दुपारी दुकानात गिऱ्हाईक नव्हतं, तेव्हा मी पाच मिनिटांची परीक्षा घेतली, जी आधीच घ्यायला हवी होती. भिंग खिडकीसमोर धरायचं, मागे पांढरा कागद, आणि समोरच्या लांबच्या इमारतीचं उलटं चित्र कागदावर स्वच्छ उमटेपर्यंत पुढे-मागे करायचं. भिंगापासून कागदापर्यंतचं अंतर पट्टीने मोजायचं. २५० मिलिमीटरला त्या अंतराने भागायचं. जो आकडा येतो ती भिंगाची खरी ताकद. माझं अंतर आलं ४० मिलिमीटरच्या आसपास. म्हणजे सहा पट. फार तर साडेसहा म्हणा, सवलत देऊन. खरं ४० एक्स असतं तर ते अंतर सहा मिलिमीटर आलं असतं, आणि इतक्या जवळच्या काचेचा व्यास २५ मिलिमीटर असूच शकत नाही, काच गोटीसारखी फुगली असती. आमच्या भाषेत सांगायचं तर तो नंबर प्लस १६०. प्लस १६० ची काच कोणी ३४९ रुपयांत देणार नाही. विकणाऱ्याला मेसेज केला, त्याने हसऱ्या चेहऱ्याचं चित्र पाठवलं आणि परत घ्यायची मुदत संपल्याचं कळवलं. हे भिंग आता दुकानात स्क्रू शोधायला वापरते. त्याला पाचपैकी एक, आणि तोही पिशवी चांगली आहे म्हणून.

आता दुसरं, ज्याच्यासाठी हे लिहायला घेतलं.

मुंबईत प्रिन्सेस स्ट्रीटच्या बाजूला प्रयोगशाळेचं सामान विकणारी दुकानं आहेत, काचेची नळकांडी, चिमटे, फिल्टर पेपर. त्यातल्या एका अरुंद दुकानात विचारलं, "काका, दहा एक्स ट्रिपलेट आहे का?" ट्रिपलेट म्हणजे एकाच चौकटीत तीन काचा एकमेकींना चिकटवलेल्या. एकट्या काचेतून उजेड फाटतो आणि कडेला रंग उमटतात. तीन वेगवेगळ्या काचा एकमेकींची ही खोड झाकतात, आणि कडेपर्यंत चित्र सरळ राहतं. काकांनी ड्रॉवरमधून काढून दिलं. काच १८ मिलिमीटर, पितळी आवरणावर मुलामा, आणि चाकूच्या पात्यासारखं आवरणात फिरून बसणारं. १,१५० रुपये. "ह्याचे अकराशे पन्नास?" असं मी म्हणणार होते, पण त्यांनी आधीच दहाची नवी नोट पुढे केली. "ताई, यावर बारीक अक्षरं शोधा." दहाच्या त्या चॉकलेटी नोटेवर इतक्या बारीक अक्षरात भारत आणि इंडिया छापलंय की नुसत्या डोळ्यांना ती रेषा वाटते. भिंगातून 'भारत' वाचता आलं. अगदी कडेला सरकवलं तरी वाचता आलं. भाव केला नाही. घरी आल्यावर खिडकीची परीक्षा घेतलीच, अंतर २५ मिलिमीटर आलं. २५० भागिले २५. लिहिलंय तेवढंच, एक पट जास्त नाही की कमी नाही.

वापरायची रीत सांगते, कारण निम्मी माणसं इथेच चुकतात. सिनेमातल्या गुप्तहेरासारखं हात लांब करून धरायचं नाही. भिंग डोळ्याला जवळजवळ टेकवायचं, चष्मा असेल तर चष्म्याच्या काचेला. मग वस्तू चिमटीत धरून नाकाजवळ आणायची, साधारण अडीच सेंटिमीटरवर ती एकदम स्वच्छ होते. भिंग हलवायचं नाही, वस्तू हलवायची. दुसरा डोळा मिटायचा नाही, मिटला की पाच मिनिटांत डोकं दुखतं. आणि उजेडाकडे तोंड करून उभं राहायचं नाही, उजेड आपल्या खांद्यावरून वस्तूवर पडायला हवा. भाचीला हे जमायला दहा मिनिटं लागली. माझ्या भावाला अजून जमलेलं नाही, तो म्हणतो त्याच्या डोळ्यांत दोष आहे. दोष नाही, मी तपासलेत.

ऑगस्टमध्ये पुन्हा गेले. पऱ्यात आमच्या घरामागे एक मोठा काळा कातळ आहे, म्हशीच्या पाठीसारखा. त्यावर लहानपणी आम्ही गोधड्या आपटायचो. मला तो सगळा एकाच हिरव्या रंगाचा आठवतो. भिंग घेऊन त्याच्याशी तास-दीड तास बसले आणि त्यावर किमान तीन वेगळी बिऱ्हाडं निघाली.

अगदी पाण्याच्या रेषेला, जिथे लाट येऊन भिजवून जाते, तिथे एक मॉस लहानशा मोरपिसासारखं आहे. पानं खोडाच्या दोन बाजूंना, चपटी, फणीसारखी. यालाच भाचीने लिव्हरवर्ट म्हटलं होतं. तिची चूक नव्हती, पानं दोन रांगांत आणि शीर नाही असं दिसलं तर तोच अंदाज बांधतात. नव्या भिंगातून शीर दिसली, पानाच्या बुडापासून टोकापर्यंत, स्वच्छ एक. आणि आणखी एक गंमत. पानाचा खालचा भाग उभा चिरलेला असतो आणि त्या चिरेत पुढच्या पानाचं बूड बसलेलं असतं. भरली वांगी करताना आपण वांग्याला उभी चीर देतो ना, तशी. ही चीर दुसऱ्या कुठल्या मॉसला अशी नसते, म्हणून एवढं दिसलं की नाव पक्कं, फिसिडेन्स. या एका चिरेसाठी मी ११५० रुपये पुन्हा द्यायला तयार आहे.

कातळाच्या उभ्या बाजूला, जिथे वरून सतत पाणी झिरपतं, तिथे दुसरं. फिकट, किंचित निळसर हिरवं, आणि वर पाण्याचे थेंब अळूच्या पानावर राहतात तसे गोळे होऊन बसलेले. खोड लालसर, पानं बारीक त्रिकोणी. भाचीने पुस्तकातून फिलोनोटिस काढलं, नावाचा अर्थच ओल आवडणारी. ते पटण्यासारखं आहे, पण फिलोनोटिसच्या कुठल्या जातीचं, हे भिंगाने सांगता येत नाही. त्यासाठी पेशी बघाव्या लागतात, आणि पेशी दिसणार नाहीत. मिलिमीटरच्या शंभराव्या भागाएवढी पेशी दहा पट केली तरी मिलिमीटरचा दहावा भाग होते. कॉलेजच्या सूक्ष्मदर्शकाची चारशे पट लागते. भिंगाकडून ही अपेक्षा ठेवून एक स्टार देणारे लोक मी वाचलेत. ते कातरीला सुरी नाही म्हणून नावं ठेवण्यासारखं आहे.

खरा वेळ तिसऱ्याने खाल्ला. कातळाच्या माथ्यावर, जिथे पाऊस असला की भिजतं आणि दोन दिवस ऊन पडलं की वाळतं, तिथलं. ओलं असताना पानं जिभेच्या आकाराची, टोकाला छोटी चोच, चारी बाजूंना पसरलेली, वरून बघितलं तर बारीक हिरवी फुलं वाटावीत. रोप सगळं मिळून सेंटिमीटरभर. मी एक चिमूट कागदाच्या पुडीत बांधली, जशी पूर्वी वैद्य चूर्णाची बांधायचे तशी, आणि वर तारीख, जागा, कातळ, ऊन-सावली लिहिलं. प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवू नका, बुरशी येते. कागदात ते वाळतं आणि वाळून वर्षानुवर्षं टिकतं.

दुसऱ्या दिवशी पुडी उघडली तर आत दुसरंच काहीतरी होतं. हिरवी फुलं गायब, काळपट दोऱ्याचे तुकडे. भिंगाखाली धरलं. प्रत्येक पान दोन्ही कडांनी आत वळून नळी झालेलं, विडीसारखं. मी बशीत ठेवून चमच्याने पाण्याचे चार थेंब टाकले आणि भिंग डोळ्याला लावून वाकून बसले. आधी काही नाही. मग एका पानाची सुरळी जराशी हलली, सैल झाली, कडा उलगडल्या, शेजारचं पान त्याला ढकलून बाजूला झालं, आणि बघता बघता ते सगळं रोप पुन्हा हिरवं, पसरलेलं. मिनिटसुद्धा लागलं नसेल. मघाशी म्हटलं ना, पानंच पाणी पितात. मी तीनदा वाळवलं आणि तीनदा भिजवलं. आई मागे उभी होती. "चहा गार झाला," म्हणाली, आणि मग हळूच, "दाखव बघू मला."

नळी होणारी पानं, जाड एकच शीर, पानाच्या टोकाकडे कडेला बारीक दाते. हायोफिला, असं भाचीचं म्हणणं. तिच्या मॅडमनी मात्र लगेच शिक्का मारला नाही. बार्बुला नावाचं दुसरं मॉस बरंचसं असंच दिसतं, तेही ओल्या भिंतीवर वाढतं, म्हणून बोंड येईपर्यंत थांबा म्हणाल्या. मॉसला फूल-बी नसतं, बारीक देठावर बोंड येतं आणि त्यातून धुळीसारखे बीजाणू उडतात. बोंडाचं झाकण गळालं की तोंडाशी दात दिसतात. फिसिडेन्सचे १६, लालसर, प्रत्येक दात टोकाला दुभंगलेला, त्याचं नावही त्यावरूनच. बार्बुलाचे लांब केसासारखे, पीळ घातलेले. हायोफिलाला दातच नसतात, तोंड बोळकं.

दिवाळीला गेले तेव्हा माथ्यावर बोंडं उभी होती, सरळ, लांबट, तपकिरी. नरकचतुर्दशीला सकाळी सगळे फराळावर आणि मी आणि भाची कातळावर. झाकण गळालेलं एक बोंड शोधायला वीस मिनिटं गेली. सापडलं. तोंड बोळकं. भाची इतक्या जोरात ओरडली की वर भाऊ धावत आला, त्याला वाटलं साप. नंतर मॅडमनी सूक्ष्मदर्शकाखाली पानाचा काप बघून हायोफिला इन्व्होल्युटा लिहून दिलं. इन्व्होल्युटा म्हणजे आत वळलेली. वहीत आधीचं "बहुधा लिव्हरवर्ट" भाचीने खोडलं नाही, बाजूला बाण काढून "भिंग वाईट होतं" असं लिहिलंय.

डोंबिवलीला परतल्यावर सोसायटीच्या पंपाच्या खोलीची भिंत बघितली, तिथे पाइप ठिबकतो. नुसत्या डोळ्यांना तरी हीच विडीवाली पानं वाटली. रोज तिथून जाते मी, पिशव्या घेऊन. बोंडं अजून आलेली नाहीत, त्यामुळे मॅडमच्या नियमाने मी नाव लिहिलेलं नाही.

आता भिंगाच्या तक्रारी, कारण आहेत. ज्या स्क्रूवर भिंग आवरणातून बाहेर फिरतं तो ढिला होतो. दोन महिन्यांत भिंग आपोआप लटकायला लागलं. माझ्याकडे चष्म्याचा पेचकस असतो म्हणून कसलं, तुमच्याकडे नसेल तर शेजारच्या चष्म्याच्या दुकानात जा, कोणी पैसे घेणार नाही. घेतले तर माझ्या दुकानात या. दुसरं, त्याला दोरी ओवायला भोक आहे पण दोरी देत नाहीत. पऱ्यात हातातून सुटलं तर थेट सावित्रीला. मी काळा करगोटा ओवून गळ्यात घातलं, तर आई म्हणाली, "हा कुठल्या बाबाचा ताईत?" तिसरं, पावसात काचेवर वाफ धरते, दर दोन मिनिटांनी पुसावी लागते. पुसताना पदर किंवा ओढणी नको, आधी फुंकर, मग चष्म्याचं मऊ फडकं, नाहीतर मातीचा कण काचेवर रेघ ओढतो. आणि कोकणातल्या घरी ठेवणार असाल तर बुटांच्या खोक्यात मिळणाऱ्या त्या ओल शोषणाऱ्या पुड्या टाकून डब्यात ठेवा. काचांच्या मध्ये बुरशी शिरली की कोणाचा बाप ती काढू शकत नाही.

२० एक्स घ्यावं का? दुकानात तेही बघितलं होतं. ते वस्तूच्या सव्वा सेंटिमीटर जवळ न्यावं लागतं, काच छोटी, उजेड कमी, आणि हात जरा थरथरला की चित्र पळतं. हायोफिलाच्या पानाचे दाते त्यात छान दिसले असते हे खरं. पण पहिलं भिंग दहाचंच घ्या.

काचेला पाचपैकी पाच, स्क्रूला दोन. एकूण चार देते, काकांनी नोट पुढे केली म्हणून. सध्या भिंग माझ्याकडे नाही. दिवाळीनंतर निघताना आईने ते देवघरातल्या चांदीच्या डबीत ठेवून घेतलं. तांदळातला सोंडा तिला त्यात स्पष्ट दिसतो, सोंडेसकट. पुढच्या शनिवारी प्रिन्सेस स्ट्रीटला जाऊन दुसरं आणणार आहे. या वेळी पेचकस बरोबर नेणार.